फरशीच्या सांध्यांसाठी ग्राउट किती लागेल: मोजमापापासून खरेदीपर्यंत

फरशीचे काम संपत आले असताना ग्राउट, म्हणजे टाइलमधले सांधे भरायचा माल, कमी पडते आणि नंतर आणलेल्या पाकिटाची छटा आधीच्या सांध्यांशी जुळत नाही, किंवा उलट पाच-सहा पाकिटे उरतात आणि पावसाळ्यात त्यांचे दगड होतात. हे दोन्ही प्रकार घडतात, कारण आपल्याकडे ग्राउटचा हिशोब केवळ क्षेत्रफळावरून केला जातो. ‘शंभर चौरस फुटांना एक किलो’ हा दुकानात आणि बांधकामावर सर्रास सांगितला जाणारा हिशोब दोन बाय दोनच्या विट्रिफाइड फरशीला, सांधे अरुंद असतील तर, जवळपास लागू पडतो. तोच हिशोब गच्चीवरच्या एक बाय एकच्या पांढऱ्या टाइलला लावला, तर प्रत्यक्षात पाच पट माल लागतो. ग्राउट भरले जाते ते सांध्यात. म्हणून सांध्यांची एकूण लांबी, त्यांची रुंदी आणि त्यांची खोली या तीन गोष्टी कळल्याशिवाय किलोचा आकडा सांगता येत नाही. क्षेत्रफळ हे त्यांपैकी फक्त पहिली गोष्ट काढण्याचे साधन आहे.

पुढील टप्पे दिलेल्या क्रमानेच करावेत. क्रम बदलला की बहुतेक वेळा सांध्याच्या रुंदीत किंवा खोलीत चूक राहते, आणि नेमकी तीच चूक महागात पडते.

टप्पा १: हिशोब दोनदा करण्याची तयारी ठेवा

पहिला हिशोब टाइल निवडतानाच कागदावर करायचा असतो. त्यावरून खर्चाचा अंदाज येतो आणि तीन मिलिमीटरचा सांधा ठेवायचा की पाचचा, हे ठरवायला मदत होते. दुसरा हिशोब टाइल बसवून झाल्यावर, प्रत्यक्ष सांधे मोजून करायचा असतो, आणि खरेदी या दुसऱ्या हिशोबावरच करावी. टाइल बसवल्यानंतर ग्राउट भरण्यापूर्वी किमान २४ तास तरी थांबावेच लागते, वाळू-सिमेंटच्या थरावर बसवलेल्या फरशीला त्याहून अधिक. त्यामुळे मोजायला आणि तालुक्याच्या गावाहून माल आणायला पुरेसा वेळ मिळतो. ज्यांचे काम उक्ते दिलेले आहे त्यांनी ग्राउट मिस्त्रीच्या मालात धरले आहे की घरमालकाच्या, हे आधीच स्पष्ट करून घ्यावे.

साहित्य फार लागत नाही. मोजपट्टी, शून्यापासून सुरू होणारी सहा इंची स्टीलची पट्टी, दोन, तीन आणि पाच मिलिमीटरचे प्लास्टिकचे स्पेसर (सांधा सारखा राहावा म्हणून टाइलमध्ये ठेवायचे तुकडे), एक वही आणि मोबाइलमधला कॅल्क्युलेटर एवढे पुरे. वहीत प्रत्येक जागेसाठी वेगळी ओळ करावी आणि त्या ओळीत टाइलचे माप, सांधा आणि ग्राउटचा रंग आधीच लिहून ठेवावा.

टप्पा २: जिथे टाइल बसली आहे तेवढेच क्षेत्रफळ घ्या

येथे तीन चुका वारंवार दिसतात. पहिली म्हणजे घराचा बिल्टअप किंवा कार्पेट आकडा उचलून हिशोबात टाकणे. त्यात भिंतींच्या जाडीपासून बाथरूमच्या जमिनीपर्यंत सगळे मिसळलेले असते. दुसरी म्हणजे खरेदी केलेल्या टाइलचे क्षेत्रफळ धरणे. टाइल घेताना आपण तूटफूट आणि कापणीसाठी पाच ते दहा टक्के जादा घेतो, पण गोणीत उरलेल्या तुकड्यांना सांधे नसतात. तिसरी चूक भिंतींची आहे: डॅडोचे, म्हणजे भिंतीवर ठराविक उंचीपर्यंत बसवलेल्या टाइलचे, क्षेत्रफळ विसरले जाते, किंवा धरले तर त्यातून दार आणि व्हेंटिलेटर वजा केले जात नाही.

प्रत्येक जागा वेगळी मोजावी. जमिनीसाठी लांबी गुणिले रुंदी. भिंतीसाठी चारही बाजूंची बेरीज गुणिले टाइलची उंची, वजा दार-खिडकी. फुटांत मोजले असेल तर चौरस फुटांना १०.७६४ ने भागून चौरस मीटर करावेत. काही जण घाईत दहाने भागतात आणि प्रत्येक खोलीत साडेसात टक्क्यांहून अधिक माल वाढवून ठेवतात.

> तपासणी: एकाच टाइलच्या, एकाच सांध्याच्या आणि एकाच रंगाच्या जागांचीच बेरीज केली आहे ना? हॉलची दोन बाय दोन आणि बाथरूमची एक बाय एक यांचे क्षेत्रफळ एकत्र केले, तर पुढचा सगळा हिशोब निरुपयोगी ठरतो.

टप्पा ३: टाइलची लांबी, रुंदी आणि जाडी

बाजारात आपण ‘दोन बाय दोन’ म्हणतो ती टाइल ६०० × ६०० मिलिमीटरची असते, ‘चार बाय दोन’ म्हणजे ६०० × १२००, ‘बारा बाय अठरा’ म्हणजे ३०० × ४५० आणि ‘एक बाय एक’ म्हणजे ३०० × ३००. प्रत्यक्षात टाइल एक-दोन मिलिमीटरने लहान असू शकते, पण त्याने ग्राउटच्या आकड्यात जाणवण्यासारखा फरक पडत नाही. त्यावर वेळ घालवू नये.

जाडीचे मात्र तसे नाही. खोक्यावरचा आकडा न घेता टाइलची कड पट्टीने मोजावी. भिंतीची सिरॅमिक टाइल सहसा सात-आठ मिलिमीटरची आणि दोन बाय दोनची विट्रिफाइड आठ ते दहा मिलिमीटरची असते; पार्किंगची टाइल त्याहून बरीच जाड निघते. मागच्या बाजूला खाचा असतील तर उंचवट्यापासून वरच्या पृष्ठापर्यंतचे माप घ्यावे.

टप्पा ४: सांध्याची रुंदी

सगळ्या हिशोबात सर्वाधिक गडबड येथे होते. दोन मिलिमीटरच्या सांध्यात अर्ध्या मिलिमीटरची चूक म्हणजे ग्राउटमध्ये २५ टक्क्यांची चूक. तेव्हा ‘मिस्त्रीने दोनचा स्पेसर वापरला’ एवढ्या माहितीवर थांबू नये. चार टाइलच्या कोपऱ्यात स्पेसर असतो आणि तेथे सांधा दोनचा असतोही. पण टाइलच्या कडा किंचित वाकड्या असतील, किंवा काम करताना दोरी हलली असेल, तर मधल्या भागात तोच सांधा अडीच किंवा तीनचा झालेला आढळतो.

मोजण्याची पद्धत सोपी आहे. खोलीत निरनिराळ्या ठिकाणी, काही आडव्या आणि काही उभ्या अशा दहा सांध्यांत स्पेसरचे टोक घालून पाहावे. दोनचा स्पेसर सैल बसतो आणि तीनचा जात नाही, तर अडीच लिहावे. दहा आकड्यांची सरासरी घ्यावी, सर्वांत लहान आकडा घेऊ नये. दाराजवळ आणि शेवटच्या ओळीत मोजायला विसरू नये, कारण राहिलेली जागा भरून काढण्यासाठी मिस्त्री सांधे तेथेच फाकवतात.

‘सांधाच नको, टाइलला टाइल भिडवून बसवा’ असा आग्रह अनेक घरमालक धरतात. अशा फटीत ग्राउट आत उतरतच नाही, वरच्या वर बसते आणि झाडू-फडक्यानेच निघून जाते. शिवाय मराठवाड्यात एप्रिल-मे महिन्यांत तापमान चाळिशीच्या पुढे जाते; फुगायला जागा नसलेल्या टाइल एकमेकींना रेटून वर उचलल्या जातात. घराच्या आत दोन-तीन मिलिमीटर आणि उघड्या गच्चीवर पाच मिलिमीटर सांधा ठेवावा, असे माझे ठाम मत आहे, जरी त्याने ग्राउट वाढत असले तरी.

टप्पा ५: सांध्याची खोली

कागदावरच्या पहिल्या हिशोबात सांध्याची खोली टाइलच्या जाडीएवढी धरावी. ती जास्तीत जास्त मर्यादा असते. प्रत्यक्षात टाइल दाबून बसवताना अॅडहेसिव्ह किंवा सिमेंटची स्लरी खालून सांध्यात वर येते आणि खोली कमी होते. वर आलेला हा माल ओला असतानाच काढायला हवा. किमान टाइलच्या जाडीच्या दोन-तृतीयांश एवढा सांधा मोकळा असावा. नऊ मिलिमीटरच्या टाइलला सहा मिलिमीटर. त्याहून कमी खोलीतले ग्राउट नीट धरत नाही.

टाइल बसवून झाल्यावर स्टीलची पट्टी उभी धरून सांध्यात घालावी आणि टाइलच्या पृष्ठाशी येणारा आकडा वाचावा. येथेही दहा ठिकाणी मोजावे. पट्टी दोन-तीन मिलिमीटरवरच अडत असेल, तर तेथे ‘ग्राउट कमी लागेल’ असे म्हणून पुढे जाऊ नये; आधी तो सांधा खरवडून साफ करून घ्यावा आणि मग खोली मोजावी.

धुळीचा मुद्दा आपल्या भागात विशेष महत्त्वाचा आहे. उन्हाळी वाऱ्याने आलेली काळ्या रानाची बारीक माती, कटरने कापलेल्या टाइलची भुकटी आणि वाळूचे कण चार-सहा दिवसांत सांधे अर्धे भरून टाकतात. ती तशीच ठेवून वर ग्राउट भरले तर माल वाचल्यासारखा दिसतो आणि पहिल्या धुण्यात सांधे खचतात. म्हणून झाडणे, ब्रशने उकरणे आणि ब्लोअर किंवा व्हॅक्यूमने ओढून घेणे हे मोजण्याच्या आधी झाले पाहिजे, नंतर नव्हे.

> इशारा: सांधे साफ करण्यापूर्वी मोजलेली खोली वहीत लिहू नका. हिशोब कमी येईल आणि साफसफाईनंतर माल अपुरा पडेल.

टप्पा ६: सूत्र

सर्व मापे मिलिमीटरमध्ये घेऊन दर चौरस मीटरला लागणारे ग्राउट किलोमध्ये असे निघते:

(टाइलची लांबी + टाइलची रुंदी) ÷ (टाइलची लांबी × टाइलची रुंदी) × सांध्याची रुंदी × सांध्याची खोली × १.६

शेवटचा १.६ म्हणजे एक लिटर सांधा भरायला लागणारे ग्राउट, किलोमध्ये. हा आकडा मालागणिक थोडा बदलतो. पाकिटावर किंवा माहितीपत्रकात वेगळा दिला असेल तर तोच घ्यावा, नसेल तर सिमेंटच्या आणि इपॉक्सीच्या (रेझिन व हार्डनर मिसळून होणाऱ्या), दोन्ही ग्राउटला १.६ धरून अंदाज चालतो. ज्यांना चौरस मीटरची सवय नाही त्यांनी १.६ च्या जागी १५ धरावा, म्हणजे उत्तर दर शंभर चौरस फुटांना, अर्थात ब्रासला, मिळते.

सूत्राने काढलेले काही आकडे पुढे दिले आहेत. ते शंभर चौरस फुटांचे असून सांधा पूर्ण जाडीएवढा खोल धरला आहे आणि वाया जाणारा माल मिळवलेला नाही.

- ६०० × १२००, जाडी ९, सांधा २ मिलिमीटर: सुमारे ०.६७ किलो
- ६०० × ६००, जाडी ९, सांधा २ मिलिमीटर: सुमारे ०.९ किलो
- ६०० × ६००, जाडी ९, सांधा ३ मिलिमीटर: सुमारे १.३५ किलो
- ३०० × ४५०, जाडी ८, सांधा २ मिलिमीटर: सुमारे १.३ किलो
- ३०० × ३००, जाडी ८, सांधा ३ मिलिमीटर: सुमारे २.४ किलो
- ३०० × ३००, जाडी १०, सांधा ५ मिलिमीटर: सुमारे ५ किलो

पहिल्या आणि शेवटच्या ओळीत सातपटीहून अधिक अंतर आहे, आणि क्षेत्रफळ दोन्हीकडे तेवढेच आहे. टाइल लहान झाली की सांध्यांची लांबी वाढते, आणि त्यात रुंदी-खोलीचा गुणाकार मिळतो.

टप्पा ७: एका घराचा पूर्ण हिशोब

लातूर किंवा परभणीकडे नव्या वसाहतींत दिसते तसे एक साधे घर घेऊ. हॉल १३ × १५ फूट, स्वयंपाकघर १० × १०, दोन झोपायच्या खोल्या प्रत्येकी १० × १२, आणि २५ चौरस फुटांची बोळ. या सगळ्यांत ६०० × ६०० × ९ ची विट्रिफाइड, सांधा २ मिलिमीटर. बाथरूम ५ × ७ फूट, भिंतीला सात फुटांपर्यंत ३०० × ४५० × ८, सांधा २. जमिनीला खरखरीत ३०० × ३०० × ८, सांधा ३. गच्ची ८०० चौरस फूट, उन्हाचा ताप कमी करणारी पांढरी ३०० × ३०० × १०, सांधा ५.

*आतली फरशी.* १९५ + १०० + २४० + २५ = ५६० चौरस फूट, म्हणजे ५२.०३ चौरस मीटर. सूत्रातून दर चौरस मीटरला ०.०९६ किलो येते. एकूण ५ किलो. प्रत्यक्ष मोजणीत सांधा तीनचा निघाला, तर हाच आकडा ७.५ किलो होतो.

*बाथरूमच्या भिंती.* चारही बाजू मिळून २४ फूट, गुणिले ७ म्हणजे १६८ चौरस फूट. अडीच बाय सातचे दार १७.५ आणि दोन बाय दीडचा व्हेंटिलेटर ३ वजा केला की १४७.५ चौरस फूट, म्हणजे १३.७ चौरस मीटर उरतात. दर ०.१४२; एकूण १.९५ किलो. जमीन ३५ चौरस फूट, ३.२५ चौरस मीटर, दर ०.२५६, एकूण ०.८३ किलो. नेहमीच्या हिशोबाने या जमिनीसाठी साडेतीनशे ग्रॅम पुरेल असे वाटले असते.

*गच्ची.* ७४.३ चौरस मीटर, दर ०.५३३, एकूण सुमारे ३९.६ किलो. घराच्या आतल्या फरशीच्या जवळपास आठपट माल एकट्या गच्चीला लागतो. ज्यांनी ‘शंभर फुटांना किलो’ धरून आठ पाकिटे आणलेली असतात, त्यांचे काम पहिल्याच दिवशी, गच्चीच्या एका कोपऱ्यात थांबते. आणि भर उन्हात अर्धवट राहिलेल्या सांध्यांत धूळ भरत राहते.

बाथरूमच्या जमिनीत आणि भिंतीत जेथे कोपरा होतो तेथे, कमोडच्या भोवती आणि ओट्याच्या कडेला ग्राउट भरू नये. त्या जागा हलतात. तेथे सिलिकॉन सीलंट लागते. सहा बाय सहा मिलिमीटरच्या रेषेला २८० मिलिलिटरची नळी सुमारे ७.८ मीटर पुरते. वरच्या बाथरूमला खालचा घेर आणि चार उभे कोपरे मिळून साधारण १५ मीटर होतात, म्हणजे दोन नळ्या. गच्चीवर दर तीन-चार मीटरला ठेवायचा प्रसरणाचा सांधाही याच हिशोबात धरावा.

टप्पा ८: रेषा मोजून पडताळा

सूत्रात आकडे टाकताना एक शून्य इकडेतिकडे झाले तरी उत्तर खरे वाटते. म्हणून किमान एका खोलीचा पडताळा रेषा मोजून करावा. वरच्या हॉलमध्ये १३ फुटांच्या, म्हणजे ३.९६ मीटरच्या बाजूत सहा सांधे येतात आणि त्यांपैकी प्रत्येक ४.५७ मीटर लांब असतो. १५ फुटांच्या बाजूत सात सांधे येतात आणि त्यांपैकी प्रत्येक ३.९६ मीटरचा असतो. एकूण लांबी सुमारे ५५.२ मीटर. तिला ०.००२ आणि ०.००९ ने गुणले की ०.०००९९ घनमीटर, म्हणजे जवळपास एक लिटर होते, आणि १.६ ने गुणले की १.५९ किलो. सूत्राने याच हॉलचे १.७४ किलो येतात.

दीडशे ग्रॅमचा हा फरक चूक नव्हे. भिंतीलगतच्या कडाही सांधे आहेत असे सूत्र धरते, रेषा मोजताना त्या येत नाहीत. चार इंची स्कर्टिंगमधले, म्हणजे भिंतीच्या पायथ्याशी लावलेल्या टाइलच्या पट्टीतले, उभे सांधे या फरकात बसून जातात. मात्र स्कर्टिंग आणि फरशी यांच्यामधली आडवी फटही ग्राउटनेच भरायची असेल, तर तिची लांबी, रुंदी आणि खोली वेगळी मोजून मिळवावी.

> तपासणी: रेषांचा आकडा सूत्रापेक्षा पाच ते पंधरा टक्के कमी येणे योग्य आहे. तो जास्त आला किंवा निम्म्यावर आला, तर टाइलचे माप किंवा दशांशचिन्ह पुन्हा पाहा.

टप्पा ९: वाया जाणारा माल एकदाच धरा

गुळगुळीत विट्रिफाइडला दहा टक्के, खरखरीत किंवा रस्टिक टाइलला आणि गच्चीला पंधरा टक्के, आणि इपॉक्सीचा सराव नसलेल्या कारागिराला वीस टक्के जादा धरावे. खरखरीत पृष्ठात ग्राउट अडकते आणि स्पंजाबरोबर वाहून जाते, तर इपॉक्सी घट्ट होऊ लागल्यावर भांड्यातले सगळे फेकावे लागते. म्हणून हे प्रमाण वेगवेगळे आहे. चूक अशी होते की क्षेत्रफळ वाढवून लिहिलेले असते, सांधा ‘असू दे तीनचा’ म्हणून वाढवलेला असतो आणि शेवटी पुन्हा दहा टक्के मिळवले जातात. वाढ फक्त शेवटच्या किलोच्या आकड्यावर करावी.

टप्पा १०: सूत्रात न बसणारी कामे

वाड्याच्या अंगणात, गोठ्यापुढे किंवा जिन्याला शहाबादी फरशी अजूनही मोठ्या प्रमाणावर बसवली जाते. तिच्या कडा हाताने तासलेल्या असतात, सांधा सहा मिलिमीटरपासून दहापर्यंत कमीजास्त होतो आणि फरशीची जाडीही वीस मिलिमीटरच्या पुढे असते. दोन बाय दोनच्या फरशीला आठ मिलिमीटर रुंद आणि वीस मिलिमीटर खोल सांधा धरला, तर दर चौरस मीटरला ०.८५ किलो ग्राउट लागेल. म्हणजे ब्रासला आठ किलोच्या आसपास. एवढे महाग ग्राउट तळापर्यंत भरण्याची गरज नाही. खालचा भाग बारीक चाळलेल्या वाळूच्या सिमेंट मालाने दाबून भरावा, वर आठ-दहा मिलिमीटर मोकळे ठेवावेत आणि तेवढ्याच खोलीचा हिशोब करून त्यावर वीस टक्के मिळवावेत. ग्राउट रुंद सांध्यासाठीचे, वाळूचा अंश असलेलेच घ्यावे. बारीक सांध्याचे ग्राउट येथे आकसून तडकते.

चायना मोझॅकच्या, म्हणजे टाइलचे फुटके तुकडे बसवलेल्या, गच्चीला तर कोणतेच सूत्र नेमके लागत नाही, कारण प्रत्येक तुकडा वेगळा असतो. तेथे नमुना भरून पाहणे हाच मार्ग आहे. तुकडे बसवून झाल्यावर तीन बाय तीन फुटांचा एक सर्वसाधारण दिसणारा चौकोन आखावा, एक किलो माल वजन करून कालवावा, चौकोन पूर्ण भरावा आणि उरलेला माल पुन्हा तोलावा. उरलेल्या मालाच्या वजनात पाणीही असते, हे ध्यानात ठेवून किती भाग वापरला गेला ते काढावे: कालवलेला माल १,२८० ग्रॅम झाला आणि ३२० ग्रॅम उरला, तर तीन-चतुर्थांश, म्हणजे ७५० ग्रॅम पावडर लागली. त्यास नऊने भागले की एका चौरस फुटाचा आकडा मिळतो. तुकडे दाट बसलेल्या आणि विरळ बसलेल्या अशा दोन ठिकाणी नमुना घेतला, तर अंदाज अधिक भरवशाचा होतो.

टप्पा ११: पाकिटांची संख्या आणि खरेदी

प्रत्येक खोलीची वेगळी पाकिटे धरू नयेत. वरच्या घरात हॉलला १.९ किलो म्हणून दोन, स्वयंपाकघराला एक, दोन्ही झोपायच्या खोल्यांना दोन-दोन आणि बोळीला एक असे केले, तर आठ पाकिटे होतात. एका रंगाची बेरीज करून, दहा टक्के मिळवून, मग पूर्णांक केला तर साडेपाच किलोंना सहा पाकिटे पुरतात.

सगळी पाकिटे एकाच बॅच क्रमांकाची घ्यावीत आणि दुकानातच ते क्रमांक जुळवून पाहावेत. न फोडलेले पाकीट परत घेणार का, हे पैसे देण्यापूर्वी विचारून बिलावर लिहून घ्यावे. उत्पादनाची तारीख पाहावी. खडे लागणारे पाकीट हाताला लगेच कळते. इपॉक्सी घेताना किटवरचे वजन रेझिन, हार्डनर आणि पावडर यांचे मिळून आहे ना, हे पाहावे. अर्धे किट वापरण्याचा बेत असेल तर अचूक वजनकाट्याशिवाय तसे करू नये. अंदाजाने घेतलेले हार्डनर कमीजास्त झाले की सांधा चिकट तरी राहतो किंवा ठिसूळ तरी होतो.

> इशारा: माल कमी पडेल असे वाटताच ग्राउटमध्ये पांढरा सिमेंट मिसळण्याची सवय सोडावी. छटा बदलते, ताकद बदलते, आणि वाळल्यावर तो पट्टा कायमचा दिसत राहतो.

टप्पा १२: भरताना अंदाज तपासत राहा

पहिले पाकीट संपेल त्या ठिकाणी खूण करावी आणि किती क्षेत्र झाले ते मोजावे. दोन मिलिमीटर सांध्याच्या दोन बाय दोन फरशीत एका किलोत, वाया गेलेले धरून, शंभर चौरस फुटांच्या आसपास जागा व्हायला हवी. सत्तरच झाली, तर उरलेल्या कामाला किती लागेल हे तेव्हाच काढून, त्याच बॅचचा माल दुकानात असेपर्यंत आणता येते. दीडशे झाली तर आनंद मानू नये. सांधे तळापर्यंत भरले जात नाहीत असा त्याचा अर्थ आहे. अशा वेळी ओला सांधा एके ठिकाणी उकरून पट्टीने खोली पाहावी.

उन्हाळ्यात अंदाज चुकण्याचे मोठे कारण म्हणजे एकदम कालवलेला माल. दुपारच्या झळांत दोन किलोंचे घमेले वीस मिनिटांत आवळू लागते, मग कारागीर वरून पाणी मारतो आणि तो माल कमकुवत होतो, किंवा फेकला जातो. गच्चीचे काम पहाटे किंवा ऊन उतरल्यावर घ्यावे, एका वेळी पाऊण ते एक किलोच कालवावे, आणि सांधे आधी ओलसर करून साचलेले पाणी टिपून घ्यावे. इपॉक्सीचे सांधे मात्र पूर्ण कोरडे हवेत.

पाणी पाकिटावर लिहिलेल्या मापानेच घ्यावे. सिमेंटच्या ग्राउटला ते सहसा किलोला पाव लिटर ते तीनशे मिलिलिटर असते. आपल्याकडच्या बहुतेक बोअरचे पाणी जड आहे. तेच वापरले तर गडद रंगाच्या सांध्यांवर वाळल्यावर पांढरट क्षार उमटतात. आतल्या सहा किलो ग्राउटला दीड-पावणेदोन लिटरच पाणी लागते, तेवढ्यासाठी जारचे पाणी वापरणे कोणालाही परवडते. पुसण्याच्या शेवटच्या हातालाही तेच पाणी वापरावे, आणि ते बादलीभर लागेल असे धरून जार आणावा.

काम झाल्यावर प्रत्येक रंगाचे अर्धा किलो तरी ग्राउट हवाबंद डब्यात, बॅच क्रमांक आणि खोलीचे नाव चिठ्ठीवर लिहून, ओल नसलेल्या जागी ठेवावे. नळ बदलताना किंवा एखादी टाइल फुटली तर तेच उपयोगी पडते. वहीतले टाइलचे माप, सांध्याची रुंदी आणि प्रत्यक्ष लागलेले किलोही त्याच डब्यात ठेवावेत. वरचा मजला बांधायला घ्याल तेव्हा त्या आकड्यांवरून अंदाज थेट काढता येतो.